हडर्सफील्डचं फारटाउन : रग्बी लीगच्या जुन्या मैदानावर जाणाऱ्यांसाठी

इंग्लंडच्या उत्तर भागात रग्बी लीगची जुनी मैदानं शोधत फिरलात तर बहुतेक ठिकाणी गाठ पडते ती सुपरमार्केटशी. विगनच्या सेंट्रल पार्कवर टेस्को आलं, हॅलिफॅक्सच्या थ्रम हॉलवर अ‍ॅस्डा. सेंट हेलेन्सच्या नोझली रोडवर आणि ओल्डमच्या वॉटरशेडिंग्जवर घरं उभी राहिली. हडर्सफील्डचं फारटाउन मात्र अजून मोकळं आहे. तिथे गवत आहे, मैदानाचा आकार ओळखू येतो आणि कडेचा उंचवटाही. लीड्सला राहणाऱ्या माझ्या मावसबहिणीला, सुमाताईला, मी तिथे जायचं म्हटलं तेव्हा ती म्हणाली, "अरे, तिथे बघण्यासारखं आहे काय? नुसतं गवत!" तिचं खरं आहे. पण त्या गवतावर उभं राहण्यासाठीच जायचं. फक्त जाण्याआधी तिथे काय घडलं ते माहीत हवं, नाहीतर पाच मिनिटांत परत फिराल. म्हणून हा वृत्तांत जरा सविस्तर लिहितो आहे.

लीड्सहून हडर्सफील्डला ट्रेनने वीसेक मिनिटं लागतात, मँचेस्टरहून अर्ध्या तासाच्या थोडं वर. दोन्हीकडून गाड्या भरपूर आहेत, पण या मार्गावर कित्येक वर्षं मोठं काम चालू आहे. त्यामुळे शनिवार-रविवारी निघणार असाल तर आदल्या दिवशी वेळापत्रक पुन्हा तपासा. गाडीऐवजी बस सोडलेली असू शकते. उन्हाळा सोडून दुसऱ्या ऋतूत जात असाल तर सकाळीच निघा. डिसेंबरात तिथे चारच्या सुमारास अंधार पडतो आणि अंधारात या मैदानावर पाहण्यासारखं काही उरत नाही. आम्ही मे महिन्यात गेलो होतो. गवत ओलं होतं पण ऊन होतं, आणि यॉर्कशरमध्ये याहून जास्त मागू नये.

स्टेशनातून बाहेर पडलात की लगेच पुढे धावू नका. मागे वळून इमारत पाहा. कोरिंथियन खांबांची ही दर्शनी बाजू एखाद्या राजवाड्याला शोभेल अशी आहे. गिरण्यांच्या पैशावर हे गाव किती वर चढलं होतं याचा अंदाज तिथेच येतो. समोरच्या सेंट जॉर्जेस स्क्वेअरमध्ये ब्रिटनचे माजी पंतप्रधान हॅरल्ड विल्सन यांचा चालत निघालेल्या पवित्र्यातला पुतळा आहे. ते याच गावचे. आणि डाव्या हाताला, चौकाच्या कोपऱ्यावर, जॉर्ज हॉटेलची इमारत आहे. खरी सुरुवात तिथून करायची.

२९ ऑगस्ट १८९५ रोजी या हॉटेलात यॉर्कशर आणि लँकशरमधल्या क्लबांचे प्रतिनिधी जमले आणि त्यांनी रग्बी फुटबॉल युनियनमधून बाहेर पडून नॉर्दर्न युनियन स्थापन केली. भांडण एका साध्या गोष्टीवरून होतं. उत्तरेतले खेळाडू गिरणीत, खाणीत, गोदीत काम करणारे. शनिवारीही अर्धा दिवस कामाचा असे. दुसऱ्या गावी सामना असला की खाडा पडायचा आणि त्या दिवसाची मजुरी बुडायची. क्लबांचं म्हणणं होतं की या खाड्याची भरपाई खेळाडूला द्यावी, दिवसाला जास्तीत जास्त सहा शिलिंग. लंडनमधल्या पदाधिकाऱ्यांना हे मान्य नव्हतं. खेळ हौसेसाठी खेळायचा, पैसा आला की तो बाटला, अशी त्यांची भूमिका. ज्याला शनिवारच्या मजुरीची चिंता नाही त्याला हौस परवडते, हे त्यांनी लक्षातच घेतलं नाही. नव्या युनियनच्या पहिल्या हंगामात २२ क्लब होते. खेळाचे नियम पुढच्या वर्षांत बदलत गेले. १८९७ मध्ये लाइन-आउट, म्हणजे बाहेर गेलेला चेंडू दोन्ही संघांच्या रांगांमध्ये फेकण्याची पद्धत, गेली, १९०६ मध्ये संघ पंधराचा तेरा खेळाडूंचा झाला, आणि १९२२ मध्ये संस्थेचं नाव रग्बी फुटबॉल लीग झालं. आज जी रग्बी लीग आपण म्हणतो ती हीच. मुळात सहा शिलिंगांचा हक्क मागितला म्हणून हा खेळ वेगळा झाला. परळ-लालबागच्या गिरणी कामगारांनी पाळीतून सुटून चाळीच्या अंगणात कबड्डी वाढवली, ते ज्यांना ठाऊक आहे त्यांना हे समजायला वेळ लागणार नाही.

जॉर्ज हॉटेल २०१३ साली बंद झालं आणि त्याबरोबर तिथलं रग्बी लीगचं छोटं वारसा दालनही गेलं. पुढे इमारत स्थानिक कौन्सिलने विकत घेतली. जुन्या लेखांत "हॉटेलच्या तळघरात संग्रहालय आहे" असं वाचून जाल तर निराश व्हाल. इमारत बाहेरून निवांत पाहा, फोटो काढा आणि पुढे चला. खऱ्या कागदपत्रांसाठी कुठे जायचं ते खाली लिहिलं आहे.

चौकातून जॉन विल्यम स्ट्रीटने डावीकडे वळलं की रस्ता रेल्वेच्या दगडी पुलाखालून जातो आणि पुढे सेंट जॉन्स रोड लागतो. हलका चढ आहे. त्या रस्त्याने बर्कबीच्या दिशेने चालत राहायचं आणि पुढे उजवीकडे स्पेन्स रोड धरायचा. सगळं मिळून दोन किलोमीटरच्या आसपास, रमतगमत अर्धा तास. चालणं नको असेल तर गावातल्या बसस्थानकावरून ब्रॅडफर्ड रोडने जाणारी बस घ्या आणि फारटाउनला उतरा. तिथूनही मैदान जवळ आहे. मी मात्र चालतच जा म्हणेन. शनिवारी दुपारी गिरणीचा भोंगा झाल्यावर हजारो माणसं याच बाजूने मैदानाकडे लोटत असत. आता या भागात पंजाबी, पाकिस्तानी आणि कॅरिबियन कुटुंबांची वस्ती आहे. साठच्या दशकापासून गिरण्यांच्या कामासाठी आलेल्यांची ही तिसरी-चौथी पिढी. भूक लागली तर खाण्याची सोय इथेच करून घ्या, मैदानाजवळ टपरीसुद्धा नाही. पाण्याची बाटली आणि चिखलात चालतील असे बूट मात्र हवेतच.

मैदानाचा इतिहास क्लबच्या आधी क्रिकेटने सुरू होतो. सेंट जॉन्स क्रिकेट क्लब इथे खेळत असे. १८६४ मध्ये स्थापन झालेला हडर्सफील्ड अ‍ॅथलेटिक क्लब १८७५ मध्ये त्यात मिसळला आणि रग्बीलाही इथे जागा मिळाली. पहिला रग्बी सामना २ नोव्हेंबर १८७८ रोजी मँचेस्टर रेंजर्सविरुद्ध झाला. क्रिकेटचं आणि रग्बीचं मैदान शेजारी शेजारी, असं हे जोडमैदान होतं. यॉर्कशरचा कौंटी संघ १८७३ पासून १९५५ पर्यंत इथे प्रथम दर्जाचे सामने खेळला.

आपल्याकडच्या क्रिकेटवेड्यांनी इथे जरा थांबावं. हडर्सफील्डच्या पूर्वेला किर्कहीटन नावाचं छोटं गाव आहे. जॉर्ज हर्स्ट आणि विल्फ्रेड ऱ्होड्स हे दोघेही तिथले. हर्स्टने १९०६ च्या एकाच हंगामात २००० हून जास्त धावा आणि २०० हून जास्त बळी घेतले; तसं दुसऱ्या कुणालाही जमलेलं नाही. ऱ्होड्सच्या नावावर प्रथम दर्जाच्या क्रिकेटमध्ये ४००० हून अधिक बळी आहेत आणि तो शेवटची कसोटी खेळला तेव्हा ५२ वर्षांचा होता. हे दोघेही पतियाळाच्या महाराजांच्या बोलावण्यावरून हिंदुस्थानात आले आणि १९२१-२२ मध्ये मुंबईच्या चौरंगी सामन्यांत युरोपियन संघाकडून खेळले. पालवणकर बंधू आणि देवधर ज्या काळात हिंदू संघात खेळत होते तोच हा काळ. म्हणजे या हिरवळीवर घडलेले दोन खेळाडू मुंबईकरांनी शंभर वर्षांपूर्वी डोळ्यांनी पाहिले होते. मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. वेळ असेल तर किर्कहीटनलाही जाऊन या; गावातून बस आहे.

पण फारटाउनचं नाव झालं ते रग्बीमुळे. मोठ्या सामन्यांसाठी हे मैदान लवकरच निवडलं जाऊ लागलं. चॅलेंज कप ही रग्बी लीगमधली बाद पद्धतीची सर्वांत मोठी स्पर्धा; तिचा १९०८ चा अंतिम सामना इथे झाला. हन्सलेटने हलला १४-० असं हरवलं आणि एकाच हंगामात चारही करंडक (कौंटी कप, कौंटी लीग, चॅलेंज कप आणि मुख्य लीग) जिंकणारा तो पहिला संघ ठरला. १९१० मध्ये लीड्स आणि हल यांची अंतिम लढत इथेच ७-७ अशी सुटली आणि पुन्हा खेळवलेला सामनाही इथेच झाला. तो लीड्सने २६-१२ असा जिंकला.

त्याच सुमारास हडर्सफील्डचा स्वतःचा संघ घडत होता आणि त्याच्या मध्यभागी होता हॅरल्ड वॅगस्टाफ. शेजारच्या होमफर्थचा हा मुलगा नोव्हेंबर १९०६ मध्ये ब्रॅमलीविरुद्ध पहिला सामना खेळला, तेव्हा त्याचं वय होतं १५ वर्षं आणि १७५ दिवस. क्लबने त्याला सहीसाठी पाच पौंड दिले होते. सेंटरला खेळणारा वॅगस्टाफ स्वतः धावण्यापेक्षा शेजारच्याला मोकळी वाट करून देण्यात वाकबगार होता. याच संघात विंगवर धावायचा सिडनीहून आलेला अल्बर्ट रोझनफेल्ड. १९०८-०९ च्या पहिल्या ऑस्ट्रेलियन दौऱ्यातून तो आला, इथेच लग्न केलं आणि इथलाच होऊन राहिला. १९११-१२ मध्ये त्याने ७८ ट्राय (चेंडू प्रतिस्पर्ध्यांच्या गोलरेषेपलीकडे टेकवून गुण मिळवणं) केले आणि १९१३-१४ मध्ये ८०. हा ८० चा विक्रम आजही कुणी मोडलेला नाही. पुढच्या फळीत कंबरलंडचा डग्लस क्लार्क, जो कुस्तीतही मोठा नावाजलेला पैलवान होता. आणि लांबून चेंडू खांबांमध्ये धाडणारा वेल्सचा बेन ग्रोनाउ. १९१० मध्ये ट्विकेनहॅमवर जो पहिला आंतरराष्ट्रीय सामना झाला त्याची पहिली किक याच ग्रोनाउने मारली होती; नंतर तो युनियन सोडून उत्तरेला आला.

फेब्रुवारी १९१४ मध्ये चॅलेंज कपच्या सामन्यात या संघाने स्विंटन पार्क रेंजर्सला ११९-२ असं हरवलं. पुढे ऐंशी वर्षं हा आकडा कुणी ओलांडला नाही. आणि १९१४-१५ च्या हंगामात हडर्सफील्डने चारही करंडक जिंकले. अंतिम सामन्यांचे आकडेच बघा : चॅलेंज कपमध्ये सेंट हेलेन्सला ३७-३, लीगच्या अंतिम सामन्यात लीड्सला ३५-२. या संघाला लोक 'टीम ऑफ ऑल टॅलेंट्स' म्हणू लागले आणि आजही इथे कुणाशीही बोललात तर हेच शब्द ऐकायला मिळतात.

या सगळ्याच्या मध्ये ४ जुलै १९१४ चा ऑस्ट्रेलियाविरुद्धचा सिडनीचा सामना आहे. मैदान फारटाउन नव्हतं, पण माणसं फारटाउनचीच. वॅगस्टाफ तेविसाव्या वर्षी ब्रिटिश संघाचा कप्तान होता. आठ दिवसांत तीन कसोट्या खेळायला लावलेल्या, संघात दुखापतींचा सुकाळ. त्या काळी बदली खेळाडू नसत. क्लार्क खांद्याचं हाड मोडेपर्यंत खेळला. शेवटी मैदानावर दहाच जण उरले आणि तरी सामना १४-६ असा जिंकला. रॉर्क्स ड्रिफ्ट ही मूठभर ब्रिटिश सैनिकांनी मोठ्या झुलू सैन्याला थोपवलेली लढाई; तिच्यावरून 'रॉर्क्स ड्रिफ्ट'ची कसोटी म्हणून हा सामना ओळखला जातो.

त्यानंतर महिन्याभरात पहिलं महायुद्ध सुरू झालं. एक हंगाम कसाबसा खेळला गेला, तोच चार करंडकांचा हंगाम, आणि मग खेळ थांबला. याच संघातला फ्रेड लाँगस्टाफ १९१६ मध्ये फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत मारला गेला. क्लार्क १९१७ मध्ये बेल्जियममधल्या पाशेंडेलला विषारी वायूत सापडला, त्याला मिलिटरी मेडल मिळालं आणि तो परत येऊन पुन्हा खेळू लागला. ही सगळी ऐन उमेदीतली वर्षं होती. १९१९-२० मध्ये हा संघ चारही करंडकांच्या अगदी जवळ पोहोचला. चॅलेंज कप जिंकला, पण लीगच्या अंतिम सामन्यात हलकडून ३-२ असा हरला, कारण वॅगस्टाफ, क्लार्क आणि ग्रोनाउ यांच्यासह पाच खेळाडू ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर निघून गेले होते. मैदानावर उभं राहिल्यावर मला विजयाच्या आकड्यांपेक्षा ही गमावलेली वर्षंच जास्त आठवली.

मधल्या काळाविषयी थोडक्यात. १९३३ मध्ये वेम्बलीला चॅलेंज कपच्या अंतिम सामन्यात वॉरिंग्टनवर २१-१७ असा विजय. मग दुसऱ्या महायुद्धानंतर पुन्हा ऑस्ट्रेलियन आले : लायनेल कूपर, पॅट डेव्हरी, जॉनी हंटर. कूपरने क्लबसाठी ४२० ट्राय केले आणि १९५१ मध्ये कीथलीविरुद्ध एकाच सामन्यात दहा. १९४९ ची लीगची अंतिम लढत मँचेस्टरच्या मेन रोडवर ७५,१९४ लोकांसमोर १३-१२ अशी जिंकली. १९५३ मध्ये पुन्हा चॅलेंज कप, आणि त्या दिवशी सामन्यातला सर्वोत्तम खेळाडू ठरला पीटर रॅम्सडेन. त्याचा तो एकोणिसावा वाढदिवस होता. १९५४ मध्ये रग्बी लीगचा पहिला विश्वचषक पॅरिसमध्ये ज्याने हाती घेतला तो कप्तान डेव्ह व्हॅलेंटाइनही फारटाउनचाच खेळाडू. रग्बी युनियनचा पहिला विश्वचषक १९८७ चा, म्हणजे हा त्याच्या तेहतीस वर्षं आधी.

या मैदानावरची सर्वांत मोठी गर्दी मात्र हडर्सफील्डच्या सामन्याला झालेली नाही. १९ एप्रिल १९४७ रोजी लीड्स आणि वेकफील्ड यांच्यात चॅलेंज कपचा उपांत्य सामना इथे झाला, त्याला ३५,१३६ लोक होते. आज त्या जागी उभं राहून हा आकडा मनात आणून पाहा. उंचवट्याकडे तोंड करून उभे राहा. गवताखाली आणि झुडपांखाली दबलेला तो उतार माणसांनी भरलेला होता.

शेवटचं मोठं यश १९६२ चं. वेम्बलीला वेकफील्डकडून हरल्यावर आठवड्याभरात ब्रॅडफर्डच्या ओड्सल मैदानावर त्याच वेकफील्डला १४-५ असं हरवून लीग जिंकली. त्यानंतर उतरण. कापडधंदा बसत गेला, सत्तरीच्या दशकात संघ दुसऱ्या श्रेणीत गेला, प्रेक्षक शेकड्यांवर आले. १९८४ मध्ये नव्या जमान्याला साजेसं काहीतरी करायचं म्हणून संघाचं नाव 'बॅराक्युडाज' आणि मैदानाचं 'अरिना ८४' केलं गेलं. मला हा निर्णय चुकीचाच वाटतो. ज्या गावाने शंभर वर्षं 'फारटाउन' म्हणून हाक मारली त्या गावाला नवं नाव कशाला हवं होतं? १९८८ मध्ये जुनं नाव परत आलं. पण १९८५ च्या ब्रॅडफर्डच्या फुटबॉल मैदानावरच्या आगीनंतर जुन्या स्टँडबाबतचे नियम कडक झाले होते आणि दुरुस्तीला पैसे नव्हते. १९९२ मध्ये क्लबने फारटाउन सोडलं. आधी गावातल्या फुटबॉल क्लबच्या लीड्स रोड मैदानावर आणि १९९४ पासून दोघांच्या सामाईक नव्या स्टेडियमवर मुक्काम हलला. आजचे हडर्सफील्ड जायंट्स ते हेच.

आता प्रत्यक्ष मैदानाबद्दल. स्टँड राहिलेला नाही. मोकळी हिरवळ आहे आणि वर सांगितला तो उंचवटा. फार जवळ जाऊन झुडपांत शिरू नका, तुटक्या काँक्रीटवर पाय मुरगळायला वेळ लागणार नाही. स्थानिक खेळ चालू असेल तर कडेने फिरा. मैदानाच्या मध्यावर उभं राहून चारही दिशांना पाहिलंत तर टेकडीवरची घरं दिसतात आणि हे मैदान गावाच्या कुशीत किती आत होतं हे कळतं. नवं स्टेडियम सुंदर आहे, त्याच्या रचनेला मोठा पुरस्कारही मिळाला आहे, पण तिथे घरांतून चालत चालत सामन्याला पोहोचल्याचा अनुभव मिळत नाही. लहान मुलं बरोबर असतील तर चेंडू न्या. सुमाताईचा मुलगा आमच्या बोलण्याला कंटाळला होता. त्याला रोझनफेल्डच्या ८० ट्रायची गोष्ट सांगितली आणि मग तो विंगच्या बाजूने दमेपर्यंत धावत राहिला.

फलक वाचून इतिहास कळेल अशी अपेक्षा इथे ठेवू नका. म्हणून मैदानाआधी किंवा नंतर हडर्सफील्ड विद्यापीठातलं 'हेरिटेज की' हे अभिलेखागार जरूर करा. स्टेशनपासून ते चालण्याच्या अंतरावर, क्वीन्सगेटच्या बाजूला आहे. रग्बी फुटबॉल लीगचा अधिकृत दस्तऐवज संग्रह तिथे ठेवलेला आहे. प्रवेशाला पैसे नाहीत, पण मूळ कागद पाहायचे तर काय हवं ते आधी कळवून वेळ ठरवावी लागते. वाचनकक्ष रोज उघडा नसतो. पेन चालत नाही, पेन्सिल न्या.

एका दिवसात बसवायचं तर क्रम असा ठेवा : सकाळी अभिलेखागार, मग चौक आणि जॉर्ज, जेवण बर्कबीच्या बाजूला, दुपारी मैदान. रग्बी लीग १९९६ पासून उन्हाळ्यात खेळली जाते, तेव्हा मार्च ते सप्टेंबरमधला जायंट्सचा घरचा सामना गाठलात तर संध्याकाळी तोही पाहता येईल. घरचा सामना दर आठवड्याला नसतो. तिकीट काढण्याआधी वेळापत्रक पाहा. तिथे पोहोचलात की प्रेक्षकांत गर्द लाल आणि सोनेरी रंग दिसतील. हे रंग फारटाउनचेच आहेत. एखाद्या वयस्क माणसाशेजारी जागा मिळाली तर त्याला फारटाउनबद्दल विचारा. आमच्या शेजारच्या गृहस्थांना विचारलं तेव्हा त्यांनी मध्यंतर संपेपर्यंत कूपर आणि डेव्हरीच्या गोष्टी सांगितल्या, आणि दुसरा अर्धा सुरू झाल्यावरही मधूनमधून चालूच होत्या. शनिवारी रात्री लीड्सकडे परतणार असाल तर शेवटच्या गाडीची वेळ सामन्याला निघण्याआधीच पाहून ठेवा.